पैजेवर लावलेलं पाणी

माझ्या मुलानं विहिरीचं पाणी फुटबॉलवर लावलं, हे मला सुनेनं सांगितलं. तेही भांडी घासत, पाठ माझ्याकडं करून.

"आत्या, बुधवारी मॅच हाय म्हणं."

"असू दे की. मॅच कधी नसती?"

"ही परदेशातली हाय. पिवळ्यांची अन् पट्टेवाल्यांची." तिनं घासलेलंच ताट पुन्हा घासायला घेतलं. "ह्यांनी अन् पलीकडच्या भावजींनी पैज लावलीया. जो हरंल त्यानं आठ दिस मोटार चालू करायची न्हाय."

"कंची मोटार?"

"विहिरीवरली."

मी लसूण सोलत होते. तो तसाच सुपात टाकला आणि उठले. मुलगा कारखान्यातून यायला अजून वेळ होता, त्यामुळं कुणावर ओरडावं ते कळेना. कोंबड्यांवर ओरडले.

आमची विहीर दोन घरांची आहे. माझे मालक आणि त्यांचा धाकटा भाऊ, दोघांनी मिळून ती खणली. पुढं वाटण्या झाल्या. जमीन वाटली, बैल वाटले, पितळेची घंगाळंसुद्धा वाटली, पण विहीर कशी वाटणार? म्हणून दिवस वाटले. एक दिवस आमचा, एक दिवस पलीकडच्यांचा. मोटार एकच, आणि पाणी कुणाच्या रानात सोडायचं ते ठरवायला पाइपावर एक लोखंडी कॉक. त्याचा दांडा डावीकडं फिरवला की पाणी आमच्यात, उजवीकडं फिरवला की त्यांच्यात. पावसाळ्यात कुणाचा दिवस कुणी बघत नाही. मार्च संपत आला की मात्र दिवसभर पाझरून घटकाभर मोटार चालेल एवढंच पाणी विहिरीत साठतं. कालव्याचा भरवसा नाही. आमचं रान शेपटाला. वर बारामतीकडं पाणी सुटल्याच्या बातम्या येतात आणि आमच्यापर्यंत त्याची नुसती ओल पोचते.

त्यात माझा भुईमूग आऱ्या सोडत होता. ज्यांनी शेत बघितलं नाही त्यांच्यासाठी सांगते. भुईमुगाला पिवळं फूल येतं. ते गळालं की त्याच्या बुडातून सुतळीसारखी आरी निघते, ती खाली वाकून जमिनीत शिरते आणि मग तिच्या टोकाला शेंग धरते. जमीन ओली असली तरच आरी आत जाते. कडक असली तर वरच्या वर वाळून जाते. त्या पंधरा दिवसांत पाणी चुकलं की नंतर समुद्र आणून ओतला तरी उपयोग नाही.

ऊस सगळा मुलाचा. त्यात मी बोलत नाही. भुईमुगाचा तुकडा तेवढा माझा. त्याच्या घाण्याच्या तेलावर आमचं वर्ष निघतं, आणि डाळजला लेकीकडं एक डबा जातो. आठ दिवस मोटार बंद म्हणजे तो तुकडा गेला, एवढा साधा हिशेब होता.

मुलगा आला. बूट काढत होता, तेवढ्यात विचारलं.

"पैज लावलीस?"

"कुणी सांगितलं?"

"त्ये सोड. लावलीस का न्हाय?"

"आये, पिवळं हरत न्हाईत."

"मागं हरलं नव्हतं? तवा तू जेवला न्हवतास."

"तवा रेफ्री बाद होता."

"अन् बुधवारी कोण हाय रेफ्री? तुझा सासरा?"

आत सून हसली आणि मग खोकल्यासारखं केलं.

आमच्याकडं पूर्वी कुस्ती होती, कबड्डी होती, क्रिकेट तर गल्लोगल्ली. फुटबॉल नव्हता. काही वर्षांपूर्वी जगाची मोठी स्पर्धा झाली, तेव्हा कुणीतरी चौकात सोसायटीच्या भिंतीवर पांढरा कपडा लावून ती दाखवली, आणि सगळे बाप्ये त्याच्या नादी लागले. माझ्या मुलानं पिवळे धरले. का, तर भंडाऱ्याचा रंग आहे, देव पाठीशी राहील. आमच्या घरानं पिवळे धरले म्हटल्यावर पलीकडच्या घरानं त्यांचे वैरी धरले. ते निळ्या-पांढऱ्या पट्ट्यांचे. मला तर ते गादीच्या खोळी घालून पळतात असंच वाटतं. ते देश नकाशात कुठं आहेत हे दोन्ही घरांत कुणाला सांगता येणार नाही, पण चौकात दोन फ्लेक्स लागले होते. एकावर माझा मुलगा हात जोडून, दुसऱ्यावर दिराचा मुलगा, माझा पुतण्या, गॉगल घालून. माझा मुलगा पन्नाशी ओलांडलेला माणूस आहे. पुतण्याचं ट्रॅक्टरच्या स्पेअर पार्टचं दुकान आहे, लेक लग्नाला आली आहे. फार लहान आहेत म्हणून सोडून द्यावं, असं वय नाही दोघांचं.

"पैज मोड," मी म्हटलं.

"आता कसं मोडणार? चौकात धा माणसांत शब्द दिलाय. ग्रुपवर बी टाकलंय त्यानं."

"मग ग्रुपवरनं काढ."

"आये, तुला न्हाय कळायचं."

मला कळत नाही म्हणाला, तेव्हा मी ठरवलं की कळून घ्यायचं. चौथीपर्यंत शिकले आहे. पिवळे जिंकणार की नाही एवढंच तर विचारायचं होतं. माणूस कापूस विकायच्या आधी भाव विचारतो, तसं.

पहिल्यांदा मुलाच्याच फोनवर बघितलं. एक माणूस मराठीत ओरडत होता. आधी सनई-चौघडा, मग ढोल, मग तो म्हणाला की दोन पारंपरिक प्रतिस्पर्धी आमनेसामने येणार आहेत. म्हटलं, बरं. मग म्हणाला, सामना रंगतदार होणार. म्हटलं, होऊ दे, पुढं बोल. पिवळ्यांची आघाडी भक्कम आहे पण बचाव कच्चा, पट्टेवाल्यांचा बचाव भक्कम आहे पण आघाडीला सूर सापडलेला नाही. मी भाकरी थापायची सोडून ऐकत बसले. शेवटी तो काय म्हणाला? "अंदाज बांधणं कठीण आहे मित्रांनो, तुम्हाला काय वाटतं ते खाली लिहा." एवढा वेळ खाऊन उलट मलाच विचारतो! तव्यावरची भाकरी करपली होती, ती मुलाच्याच ताटात वाढली.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी दूध घालायला डेअरीवर गेले. तिथं ओट्यावर आमचे पीटीचे गुरुजी बसतात. निवृत्त झाले आहेत. पहाटे उठून परदेशातले सामने बघणारा गावातला पहिला माणूस तेच. त्यांच्याभोवती चार-पाच जण कोंडाळं करून उभे होते. गुरुजींनी ओट्यावर खडे मांडले होते. हा गोलकीपर, हे मागचे, हे मधले, हे पुढचे.

"गुरुजी," मी किटली खाली ठेवली, "पिवळं जिंकणार का?"

"बसा की. सांगतो. हा मैत्रीपूर्ण सामना हाय."

"वैऱ्यांचा?"

"व्हय. पण मैत्रीपूर्ण. म्हंजी कप न्हाय, गुण न्हाईत, काय न्हाय. नुसतं खेळायचं."

म्हातारे तात्या शेजारी तंबाखू मळत होते. ते म्हणाले, "आपल्याकडं कारखान्याच्या निवडणुकीला मैत्रीपूर्ण लढत असती, तसंच ना?"

"तिच्यातच जास्त डोकी फुटत्यात," मी म्हटलं. "गुरुजी, तुमी पुढचं सांगा. कप न्हाय तर ती जीव लावून खेळणार का?"

"त्येच तर हाय. असल्या सामन्यात कोच नवी पोरं पारखून बघतो. मोठ्या खेळाडूंना जपतो." त्यांनी पुढचा एक खडा उचलला आणि खिशात घातला. "पिवळ्यांचा डावखुरा ह्यो. हा खेळत न्हाय."

"का?"

"पोटरी धरलीया."

"माझी पोटरी धा वर्षं धरलीया. मी रान सोडलं का?"

सगळे हसले. मला हसू आलं नाही. गुरुजींनी आणखी दोन खडे खिशात घातले. एकाला त्याच्या क्लबनं सोडलं नव्हतं, दुसऱ्याला कोचनंच विश्रांती दिली होती. पिवळ्यांच्या बाजूला ओटा मोकळा दिसायला लागला. माझ्या वर्षाच्या तेलाचा फैसला आता कुणी कधी न बघितलेली पोरं करणार होती.

"पट्टेवाल्यांचं कोण कोण न्हाय?"

"त्यांचं बी दोघं न्हाईत," गुरुजी म्हणाले आणि दुसऱ्या बाजूचे खडे उचलले.

"मग राहिलं कोण?"

"म्हणून तर मजा हाय, अंदाजच बांधता येत न्हाय."

तेवढ्यात माझी जाऊ किटली घेऊन आली. पलीकडच्या घरातली, माझ्या दिराची बायको. आमचं भांडण असं नाही, पण बोलणंही कामापुरतंच. तिच्याकडं दोन गाई आहेत आणि त्यांच्यासाठी विहिरीच्या पलीकडच्या अंगाला मका केलेला होता. तिनं खड्यांकडं बघितलं, मग माझ्याकडं.

"अक्का, तुमीबी मॅच बघायला लागला व्हय?"

"तुझ्या पोरानं लावलं मला नादाला."

"माझ्या? पैज तुमच्यानं आधी लावली."

"तुझ्यानं गॉगल घालून फोटू आधी लावला."

"बरं दिसतंय की त्यात," ती म्हणाली, "तुमचा तर मतं मागितल्यावानी हात जोडून उभा हाय."

डेअरीवाला दुधाची फॅट बघायची सोडून आमच्याकडं बघत राहिला. मी तिला विचारलं, "तुझं हरलं तर मका काय करणार?"

"आमचं हरत न्हाय."

तिनं ते अगदी माझ्या मुलासारखंच म्हटलं. पण किटली उचलताना हळूच गुरुजींना विचारलं, "गुरुजी, आमच्यातला कोण आजारी हाय म्हणाला?" तेव्हा मला कळलं की तिचीही झोप उडाली आहे.

मंगळवारी घरात वेगळाच तमाशा. मुलगा कामावरून आल्यापासून फोन बघायचा, ठेवायचा, परत बघायचा. कोण खेळणार त्यांची नावं आली होती म्हणे. डावखुरा नाही हे पक्कं झालं होतं. सून जेवायला वाढत होती.

"दुसरा घेतलाय ना त्याच्या जागी?" तिनं विचारलं.

"एकोणीस वर्षांचा हाय."

"मग पळंल की चांगला."

"पळून काय व्हतंय? गोल करावा लागतो."

"एवढं कळतंय तर पैज का लावलीस?" मी म्हटलं. तो ताटावरून उठून गोठ्यात गेला आणि म्हशीच्या पाठीवरून हात फिरवत उभा राहिला. त्याला पैज मोडायची होती, हे मला दिसत होतं. पुतण्यालाही मोडायची असणार. संध्याकाळी त्याची मोटरसायकल आमच्या दारावरून दोनदा हळू गेली आणि थांबली नाही. दोघांपैकी एकानं "जाऊ दे रं" म्हटलं असतं तर भागलं असतं. पण ते तोंडातून निघायचं नाही. फ्लेक्सवर माणूस चढला की उतरायला शिडी मिळत नाही त्याला.

सामना बुधवारी भल्या पहाटे होता. तिकडं तेव्हा संध्याकाळ असते म्हणे. शेतीची लाईटही त्या आठवड्यात पहाटेपासूनच होती, आणि बुधवारचा दिवस आमचा. मी मनाशी ठरवलं. पैज सामना संपल्यावर लागू होणार. त्याच्या आधी आमच्या दिवसाचं पाणी रानात गेलेलं असेल. मुलगा चौकात गेला. जाताना पिवळा सदरा घातला, देवापुढं उभा राहिला, भंडारा कपाळाला लावला. तो वळणावर दिसेनासा झाला तशी मी खोरं घेतलं आणि विहिरीकडं निघाले.

फटफटायला लागलं होतं. विहिरीजवळ कुणीतरी वाकलेलं दिसलं. आधी वाटलं, वायर चोरायला आलेत. खोरं उगारलं.

"अक्का, मी हाय, मी हाय!"

जाऊ होती. पदर खोचलेला, दोन्ही हातांनी कॉकचा दांडा धरलेला.

"आजचा दिस कुणाचा?" मी विचारलं.

"तुमचा."

"मग दांडा कशापायी धरलास?"

ती लाजली बिजली नाही. "आमचं हरलं तर माझा मका वाळंल. आत्ताच घेती म्हटलं. तुमी आजच्या दिवसाचं उद्या घ्या."

"अन् उद्या आमचं हरलेलं असलं तर?"

"मग तुमचं नशीब."

"चोरी करती अन् वर नशीब सांगती!"

"चोरी कुठं झाली? दांडा फिरंना," ती वैतागून म्हणाली. "मेल्यानं एवढा आवळून ठेवलाय."

मी खोरं टेकवून फिरवून बघितला. मलाही फिरेना. मनगटात जोर नाही आता. चौकातून आरडाओरडा ऐकू आला. कुणाचा गोल झाला की हुकला, काय कळायचं ते कळेना. आम्ही दोघी त्या दांड्याकडं बघत उभ्या राहिलो.

मग मी म्हटलं, "हे बघ. माझं हरलं तर मला आठ दिस पाणी न्हाय. तुझं हरलं तर तुला न्हाय. कोण हरणार त्ये गुरुजींना बी ठावं न्हाय. मधी ठेवू."

"काय मधी?"

"दांडा. निम्मं तिकडं, निम्मं हिकडं. रोज. आठ दिस. कुणी बी हरू दे."

व्यवहाराला पक्की आहे ती. "निम्म्यात माझा मका भिजंल का?"

"न्हाय भिजणार. पण मरणार बी न्हाय."

दोघींनी मिळून दांड्यावर भार टाकला. तो कुरकुरत सरकला आणि मध्यावर थांबला. इतक्या वर्षांत कुणा बाप्यानं तो तिथं थांबवून बघितला नव्हता. मी हिरवं बटण दाबलं. मोटार गुरगुरली आणि पाणी दोन्हीकडं निघालं. धार बारीक होती, मी तर आधी शिवीच दिली. पण निघालं.

ती तिच्या मक्यात गेली, मी माझ्या वाफ्यांत. खोऱ्यानं माती ओढून एका वाफ्याचं तोंड बंद करायचं, दुसऱ्याचं उघडायचं, ह्यालाच आमच्याकडं दारं धरणं म्हणतात. उजाडलं तेव्हा निम्मे वाफे भिजले होते. तेवढ्यात चौकात फटाके वाजले.

"तुमचं का आमचं?" बांधापलीकडून तिनं विचारलं.

"फटाकं सारखंच वाजत्यात. पाणी बघ तुझं."

थोड्या वेळानं पुतण्या मोटरसायकलवरून आला. अंगात पट्ट्यांचा सदरा, हात वर. "थोरले आई, मोटार बंद कर! आमी जिंकलो!" मग त्याला मक्यात उभी असलेली आई दिसली. "तू हितं काय करतीस?"

"दारं धरतीया. दिसत न्हाय?"

त्याच्या मागोमाग माझा मुलगा चालत आला, मान खाली. कपाळावरचा भंडारा घामानं नाकापर्यंत ओघळला होता. तो काही बोलायच्या आत पुतण्याच म्हणाला, "ठरलंय आमचं. हरणाऱ्यानं आठ दिस मोटार चालू करायची न्हाय."

"न्हाय करणार तो," मी म्हटलं. "शब्द दिलाय त्यानं, पाळंल. मी कुठं दिलाय?"

"मी बी न्हाय दिला," जाऊ म्हणाली.

"पण आई, आपण जिंकलोय!"

"जिंकलास तर घरला जा अन् च्या पी. गाईंच्या धारा काढ जाताना."

मोटारीनं हवा ओढायला सुरुवात केली. विहिरीचं बूड लागलं होतं. मी लाल बटण दाबलं. मग माझा मुलगा म्हणाला, "तुमचा तो दुसरा गोल ऑफसाइड होता."

"कसला ऑफसाइड? गुरुजींना विचार."

वाद घालत ते तसेच गावाकडं गेले. निदान पाण्यावर वाद घालत नव्हते.

आठ दिवस आम्ही दोघींनी मोटार चालवली. माझ्या मुलानं बटणाला हात लावला नाही, शब्द पाळला, आणि त्याचाच त्याला मोठेपणा. जावेशी माझं काही गूळपीठ झालं नाही. तिसऱ्याच दिवशी ती दांडा पायानं तिच्या बाजूला सरकवताना सापडली. मी बोलले, तीही बोलली. भुईमूग निघाला तो नेहमीपेक्षा कमीच. कडेच्या वाफ्यांत पोकळ शेंगा फार होत्या. पण तेल निघालं, आणि डाळजला डबा गेला, थोडा अर्धवट भरलेला.

त्या आठ दिवसांनंतर आम्ही एक केलं. कॉकचा दांडा पान्यानं सोडवून काढून घेतला. आता तो एक आठवडा माझ्या ज्वारीच्या कोठीत असतो, एक आठवडा जावेकडं. ज्याला पाणी फिरवायचं त्यानं मागून न्यायचा आणि काम झालं की आणून द्यायचा.

परवा गुरुजींनी ओट्यावर परत खडे मांडले. परत तेच दोघे वैरी, परत मैत्रीपूर्ण सामना, परत कोण आजारी आणि कोण नवा ह्याची चर्चा. डावखुरा बरा झाला आहे म्हणे. त्या संध्याकाळी मुलगा घरी आला, हसत हसत कोठीपाशी घुटमळला.

"आये, दांडा कुठाय गं?"

"कशाला पायजे?"

"उसाला पाणी द्यायचंय. पैज बिज काय न्हाय ह्या वक्ताला. लावली तरी च्याची."

"ह्या आठवड्यात पलीकडं हाय. जा, चुलतीकडं माग," मी म्हटलं. "अन् जाताना तो पिवळा सदरा काढून जा."